गांडुळांचे युद्ध : गंमत आणि डावपेच

संगणकावरील युद्धखेळ म्हटला की बोटांची चपळाई आणि अखंड गोळीबार डोळ्यांसमोर येतो. 'वर्म्स' हा ब्रिटिश खेळ मात्र त्यास सुखद अपवाद आहे. अँडी डेव्हिडसन या तरुणाची कल्पना 'टीम १७' या कंपनीने साकारली आणि १९९५ मध्ये हा खेळ बाजारात आला. यातील सैनिक म्हणजे चक्क गांडुळे! बुद्धिबळाप्रमाणे येथेही प्रत्येक पक्ष आळीपाळीने चाल करतो. आपल्या पाळीत एका गांडुळाने मोजक्या सेकंदांत जागा हेरायची, नेम धरायचा आणि अस्त्र सोडायचे. स्फोटागणिक जमिनीला भगदाडे पडतात. खाली पाणी असते. त्यात पडलेले गांडूळ तत्काळ बाद होते.

खरी मौज अस्त्रांच्या निवडीत आहे. बझुकाचा गोळा वाऱ्याने भरकटतो. म्हणून वाऱ्याची दिशा व जोर पाहूनच कोन ठरवावा लागतो. हातबॉम्बला वाऱ्याची बाधा नसते, परंतु तो टप्पे घेत घरंगळतो. तो किती सेकंदांनी फुटावा हे आधी ठरवावे लागते. कड्याच्या टोकावर उभ्या असलेल्या धडधाकट शत्रूला तर बोटाची हलकीशी टोचणीही जलसमाधी देते! १९९९ च्या 'वर्म्स आर्मागेडन'मध्ये उडती मेंढी, फुटणारी केळी आणि आकाशातून कोसळणारे काँक्रीटचे गाढव अशी अफलातून शस्त्रे आहेत.

नवखा खेळाडू बहुधा स्वतःच्याच हाताने हरतो. अस्त्र सोडल्यावर माघारीसाठी मिळणारे क्षण तो वाया घालवतो किंवा आपली सारी गांडुळे एकाच ठिकाणी गोळा करतो. मग एकच केळे सर्वांना पुरते. अनुभवी खेळाडू सैन्य विखुरतो आणि नेम धरण्यापूर्वीच परतीची वाट पाहून ठेवतो.

प्रभावी अस्त्रे मोजकीच मिळतात. ती उधळणारा अखेरीस रिकाम्या हाताने उरतो. परंतु केवळ साठवून ठेवणाराही फसतो. ठरलेला वेळ संपला की 'सडन डेथ' सुरू होते. त्यात पाणी चढू लागते, बहुधा प्रत्येक गांडुळाची शक्ती थेट एकवर येते आणि मग साध्या हातबॉम्बलाही महास्त्राचे मोल येते. साठा किती आहे, यापेक्षा तो कधी वापरला, यावर येथे विजय ठरतो. गुंतवणुकीचा विचार करणाऱ्या वाचकांस हे सूत्र अपरिचित वाटू नये. सुटीच्या दिवशी मुलांसमवेत एक डाव अवश्य मांडून पाहावा. नेम चुकला तरी हसू हमखास लाभेल.