गिल्बर्ट हार्डिंग : पडद्यामागची चव्वेचाळीस वर्षे

ब्रिटनमध्ये दूरचित्रवाणीचे संच घरोघर येऊ लागले, त्या काळात जे चेहरे पाहता पाहता सर्वांच्या परिचयाचे झाले त्यांत गिल्बर्ट हार्डिंग यांचा चेहरा अग्रभागी होता. आज ते नाव तेथेही फारसे कोणाला आठवत नाही. लोकांनी त्यांना ओळखले ते तिरसट माणूस म्हणून. परंतु पडद्यावर ते नावारूपाला आले तेव्हा त्यांच्या वयाची चव्वेचाळीस वर्षे उलटली होती, आणि त्याआधीची त्यांची वाटचाल त्या तिरसटपणाहून कितीतरी अधिक विलक्षण होती.

हार्डिंग यांचा जन्म १९०७ साली हेरफर्ड येथे, निर्धनांच्या आश्रयगृहात झाला. आईवडील तेथे आश्रित नव्हते, व्यवस्थापक होते. पण वडील अकाली निवर्तले आणि आईने मुलाला वुल्व्हरहॅम्प्टनच्या अनाथालयात घातले. आई हयात असताना अनाथ म्हणून वाढायचे, हा अनुभव त्या पोराने कसा पचवला असेल कोण जाणे! तेथून केंब्रिजच्या क्वीन्स कॉलेजपर्यंत मजल मारणे हे लहानसहान कर्तृत्व नव्हे. पुढे मात्र पाय एका जागी ठरेना. कॅनडात व फ्रान्समध्ये त्यांनी इंग्रजी शिकवले, ब्रॅडफर्डला पोलिसाची नोकरी केली, सायप्रसमध्ये मास्तरकी करीत लंडनच्या ‘टाइम्स’ला वार्तापत्रे पाठवली. तेथील ब्रिटिश अंमल त्यांना मुळीच रुचला नाही. १९३६ मध्ये परतल्यावर कायद्याचा अभ्यास आरंभला, तोच युद्ध आले. परदेशी नभोवाणी ऐकून तिचे सार टिपणाऱ्या बीबीसीच्या खात्यात त्यांना काम मिळाले. नभोवाणीत त्यांचा प्रवेश झाला तो असा, मागच्या दाराने.

युद्धानंतर प्रश्नमंजूषांतून त्यांचा आवाज श्रोत्यांना परिचित झाला. जुलै १९५१ मध्ये ‘व्हॉट्स माय लाइन?’ हा पाहुण्याचा व्यवसाय ओळखण्याचा खेळ सुरू झाला, तेव्हा सूत्रसंचालन एमन अँड्र्यूज व हार्डिंग यांनी आळीपाळीने करावे असे ठरले होते. हार्डिंग यांच्या पाळीला पाहुण्यांच्या चिठ्ठ्यांची अदलाबदल झाली आणि सारा घोटाळा उडाला. सूत्रे अँड्र्यूज यांच्याकडे गेली. हार्डिंग ओळखणाऱ्यांच्या रांगेत बसले. गुळमुळीत उत्तर आले की ते कातावत. वर्तमानपत्रांनी गहजब केला आणि प्रेक्षक वाढले!

एवढ्या पायपिटीतून गोळा केलेल्या विद्वत्तेतून माध्यमाने उचलला तो केवळ संताप. त्याचे मोल त्यांना भरपूर मिळाले, समाधान मिळाले नाही. सप्टेंबर १९६० मध्ये ‘फेस टू फेस’ या कार्यक्रमात जॉन फ्रीमन यांनी मृत्यू जवळून पाहिला आहे का, असे विचारले. आईच्या आठवणीने हार्डिंग यांचे डोळे भरून आले, आणि ते साऱ्या देशाने पाहिले. दोनच महिन्यांनी, १६ नोव्हेंबरला, बीबीसीच्या इमारतीतून बाहेर पडत असताना ते कोसळले. वय होते त्रेपन्न.