आरोपमुक्ती

आरोपमुक्ती : फौजदारी प्रकरणात आरोपीविरुद्ध खटला चालविण्यास पुरेसे कारण नाही असे आढळल्यास न्यायालयाने दोषारोप ठेवण्यापूर्वीच त्यास मोकळे करणे. व्यवहारात तीस ‘दोषमुक्ती’ असेही म्हणतात. तथापि पूर्ण खटल्यानंतर मिळणारी निर्दोष मुक्तता आणि आरोपमुक्ती या विधीच्या दृष्टीने भिन्न गोष्टी होत.

अंती निर्दोष ठरणाऱ्या व्यक्तीलाही खटल्याच्या काळात तारखांची हजेरी, जामिनाच्या अटी, खर्च व लौकिकाची हानी सोसावी लागते. निराधार आरोपाचा हा जाच टाळणे, हा आरोपमुक्तीचा हेतू होय. उलटपक्षी, ती सैलपणे दिल्यास अपराधाची झळ पोहोचलेल्या व्यक्तीचा पुरावा न्यायालयापुढे येण्याआधीच प्रकरण संपते. या दोहोंतील समतोल साधणे, हा या विषयातील मुख्य प्रश्न आहे.

१८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेनुसार प्रकरण सत्र न्यायालयाकडे सोपविण्यापूर्वी दंडाधिकारी प्राथमिक चौकशी करी व पुरेसे कारण नसल्यास आरोपीस मुक्त करी. १९७३ च्या संहितेने ही चौकशी रद्द केली आणि कलम २२७ अन्वये तो अधिकार सत्र न्यायाधीशास दिला. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ अंमलात आली. तीत सत्र खटल्यांसाठी कलम २५०, पोलीस अहवालावरून चालणाऱ्या वॉरंट खटल्यांसाठी कलम २६२ व खाजगी फिर्यादीवरील वॉरंट खटल्यांसाठी कलम २६८ आहे. पहिल्या प्रकारात प्रकरण सत्र न्यायालयाकडे सोपविल्यापासून, तर दुसऱ्यात कागदपत्रांच्या नकला मिळाल्यापासून ६० दिवसांच्या आत आरोपीने अर्ज करावयाचा असतो. जुन्या संहितेत अशी मुदत नव्हती. आरोपीस मुक्त करताना न्यायालयाने कारणे नमूद करणे आवश्यक असते.

या टप्प्यावर आरोपी दोषी आहे किंवा नाही, हे ठरवावयाचे नसते. दोषारोप ठेवण्यास प्रबळ संशय पुरेसा होतो, असे सर्वोच्च न्यायालयाने बिहार राज्य वि. रमेश सिंग (१९७७) या प्रकरणी म्हटले. भारत संघराज्य वि. प्रफुल्लकुमार सामल (१९७८) या निर्णयानुसार न्यायाधीशाने केवळ फिर्याद पक्षाचा निरोप्या होऊ नये. मर्यादित हेतूने पुराव्याची छाननी करावी, मात्र सखोल चौकशी करू नये. दोन निष्कर्ष सारखेच संभवत असतील आणि संशय असला तरी तो गंभीर नसेल, तर आरोपमुक्ती देता येते. उदा., चोरीच्या प्रकरणात एखाद्याचे नाव केवळ सहआरोपीने पोलिसांपुढे दिलेल्या कबुलीजबाबात आले असेल, तर पुराव्याच्या विधीनुसार असा जबाब ग्राह्य नसल्याने दोषारोपास आधार उरत नाही. परंतु चोरीचा माल त्याच्या घरी सापडला असेल, तर तो तेथे कसा आला याचा खुलासा खटल्यातच तपासला जातो.

आरोपीस या टप्प्यावर स्वतःच्या बचावाची कागदपत्रे सामान्यतः पुढे करता येत नाहीत. ओरिसा राज्य वि. देवेंद्रनाथ पाढी (२००४) या प्रकरणी न्यायालयाने फिर्याद पक्षाने सादर केलेली सामग्रीच विचारात घ्यावी, असे ठरविले. समन्स खटल्यांत रीतसर दोषारोप ठेवला जात नसल्याने १९७३ च्या संहितेत त्यांच्या प्रकरणात आरोपमुक्तीची अशी तरतूद नव्हती.

अर्ज फेटाळला गेल्यास वरिष्ठ न्यायालयाकडे पुनरीक्षण मागता येते. असा आदेश निव्वळ अंतरिम स्वरूपाचा नसतो, हे तत्त्व मधू लिमये वि. महाराष्ट्र राज्य (१९७७) या निर्णयाने प्रस्थापित केले. याखेरीज उच्च न्यायालयास आपल्या अंगभूत अधिकारात कार्यवाही रद्द करता येते (कलम ५२८, पूर्वीचे कलम ४८२). हा अधिकार कोणत्या परिस्थितीत वापरावा, याची सात उदाहरणात्मक गटांत मांडणी सर्वोच्च न्यायालयाने हरियाणा राज्य वि. भजनलाल (१९९०) या प्रकरणी केली.

आरोपमुक्तीने निर्दोषत्वावर शिक्कामोर्तब होत नाही. एकाच अपराधाबद्दल दुसऱ्यांदा खटला भरण्यास असलेला प्रतिबंध निर्दोष सुटलेल्या वा दोषी ठरलेल्या व्यक्तीस लागू होतो. आरोपमुक्ती ही त्या अर्थाने निर्दोष मुक्तता नव्हे, असे संहितेतच स्पष्ट केले आहे. म्हणून पुढे नवा व सबळ पुरावा मिळाल्यास त्याच व्यक्तीविरुद्ध पुन्हा कार्यवाही होऊ शकते.