छोट्या पडद्यावर रुजलेल्या पटकथा

दिल्लीतली भाड्याची खोली, तीन मित्र, कायम रिकामे खिसे आणि तिघांत फिरणारी एकच सिगारेट. ‘चष्मेबद्दूर’ पाहिलेल्या कुणालाही ही खोली लगेच आठवेल. पण १९८१ साली हा चित्रपट थिएटरात लागला, त्याच्या आधीच त्याचं बीज दूरदर्शनवर पडलं होतं, ‘धुआँ धुआँ’ नावाच्या टीव्ही नाटकात. दोन्हींची लेखिका एकच : सई परांजपे.

सईंचं नाव निघालं की दिग्दर्शिका म्हणून भरभरून बोललं जातं आणि पटकथाकार सई मागे राहतात. हे काही बरोबर नाही. ‘स्पर्श’ या चित्रपटासाठी त्यांना स्वतःला जो राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तो सर्वोत्कृष्ट पटकथेचाच होता.

लिहिण्याची सुरुवात फार लवकर झाली. आठव्या वर्षी ‘मुलांचा मेवा’ हे परीकथांचं पुस्तक छापून आलं. पुढे पुणे आकाशवाणी, दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय आणि मग दिल्ली दूरदर्शन. तेव्हाचा टीव्ही कृष्णधवल. आपल्याकडे रंग आले ते १९८२मध्ये. स्टुडिओतली जागा बेताची, पैसा त्याहून बेताचा. घोडदौड, आगगाडी, समुद्र यांतलं काही लिहायची सोयच नाही. उरतं काय, तर दोन-तीन माणसं आणि त्यांचं बोलणं. या अडचणीतच सईंची लेखणी तयार झाली असं म्हणायला हरकत नाही. त्यांची पात्रं घरात बोलावं तशी बोलतात, आणि प्रत्येकाची बोलण्याची ढब वेगळी असते.

‘स्पर्श’चा उगमही छोट्या पडद्यावरचाच. दूरदर्शनच्या कामासाठी त्या दिल्लीतल्या एका अंधशाळेत गेल्या होत्या. तिथले मुख्याध्यापक स्वतः अंध आणि अत्यंत स्वाभिमानी. त्यांच्यावरून सईंना ‘रैना बीती जाए’ हे टीव्ही नाटक सुचलं आणि त्यातूनच पुढे १९८०चा ‘स्पर्श’ आला. नायक-नायिकेची पहिली भेट पाहा. अनिरुद्ध डॉक्टरांचं घर शोधत निघालाय. वाटेत गाण्याचा आवाज कानावर पडतो, त्या सुरांमागे जात जात तो भलत्याच दारात पोहोचतो. दार उघडते ती गाणारी कविता. नायकाचं अंधत्व, त्याचे तल्लख कान, तिचा एकटेपणा, सगळं एका प्रसंगात आलं. एकाही संवादात ते समजावून सांगावं लागलं नाही. पटकथा म्हणतात ती ही!

‘चष्मेबद्दूर’मध्ये नेहा ‘चमको’ ही कपडे धुण्याची पावडर विकायला सिद्धार्थच्या दारी येते. प्रेमात पडायची वेळ, आणि मध्ये काय तर बादलीभर फेस. तो लाजतो, ती मन लावून प्रात्यक्षिक दाखवते. नेहा साकारणाऱ्या दीप्ती नवल यांना आजही लोक ‘मिस चमको’ म्हणतात, याचं निम्मं श्रेय लेखणीला द्यायला हवं.

१९८३चा ‘कथा’ शं. गो. साठ्यांच्या ‘ससा आणि कासव’ या मराठी नाटकावर बेतलेला. त्यातली चाळ नुसती मागे उभी राहत नाही, ती गोष्टीत भाग घेते. पुढे ‘अडोस पडोस’, ‘छोटे बडे’ या मालिकांसाठी सई पुन्हा टीव्हीकडे वळल्या. आणि १९९०चा ‘दिशा’! गावात वर्षानुवर्षं विहीर खणणारा एक भाऊ आणि मुंबईच्या गिरणीत पोट भरायला आलेला दुसरा. गिरणी कामगारांचा गाळा, दाटीवाटीनं पसरलेल्या वळकट्या हे सगळं त्यात इतकं खरं आहे, की हा चित्रपट फार थोड्यांनी पाहिलाय याचं वाईट वाटतं.

ज्यांना लिहायचंय त्यांनी ‘स्पर्श’ आणि ‘दिशा’ कागद-पेन घेऊन पाहावेत. सईंचं ‘सय’ हे आत्मकथनही सोबत ठेवावं. अशा पटकथा जुन्या होत नाहीत. ‘चष्मेबद्दूर’चा रिमेक ५ एप्रिल २०१३ला आला. त्याच दिवशी, ३२ वर्षांनंतर, मूळ चित्रपटही नव्या प्रिंटसह पुन्हा थिएटरात लागला होता.