कपाटांतील ओल आणि तिचे शोषक

कोंकणपट्टींत श्रावणाच्या झडी सुरू झाल्या, कीं घरोघरीं एकच गाऱ्हाणें ऐकूं येतें. ट्रंक उघडावी, तों कुबट वास नाकांत शिरतो. चामड्याच्या जोड्यांवर पांढुरकी बुरशी दिसते. लग्नांतल्या पैठणीच्या घडीवर तांबूस ठिपके उमटतात. जमिनीच्या व्यवहाराचे जुने कागद एकमेकांस चिकटून बसतात. छपरांतून पाण्याचा एक थेंबहि आंत आलेला नसतो. मग ही ओल आली कोठून?

ती हवेंतून आलेली असते. हवेंत पाण्याची वाफ अदृश्य रूपानें नेहमींच वावरते. मात्र ती किती मावावी, हें हवेच्या उष्णमानावर अवलंबून आहे. ३० अंश सेल्सिअस उष्णमानाच्या एक घनमीटर हवेंत सुमारें ३० ग्रॅम वाफ मावते; २० अंशांवर सुमारें १७ ग्रॅमच मावते. जितकी मावूं शकेल, तिच्यापैकीं शेंकडा किती वाफ हवेंत प्रत्यक्ष आहे, त्या आंकड्यास सापेक्ष आर्द्रता म्हणतात. हा आंकडा ७० ते ७५ च्या वर बरेच दिवस टिकला, कीं बुरशीस रुजावयास अवसर मिळतो. आणि भर पावसाळ्यांत किनाऱ्यावर तो ८५ च्या आसपास असतो. कपाटांतील आर्द्रता शेंकडा ६० ते ६५ वर उतरली, म्हणजे काम भागलें.

ही पातळी ओळखण्याची एक खूण स्वयंपाकघरांतच आहे. शुद्ध मीठ शेंकडा ७५ आर्द्रतेच्या वर पाझरूं लागतें, खालीं कोरडें राहतें. तेव्हां बारीक मिठाची उघडी वाटी एखाद्या फडताळांत ओली झाली, तर तेथील हवा बुरशीस पोषक झाली असें समजावें. जाड्या मिठांत इतर क्षार मिसळलेले असल्यामुळें तें त्याआधींच पाझरतें. म्हणून परीक्षेस तें घेऊं नये.

विजेवांचून ओल शोषणारे पदार्थ मुख्यतः तीन. पहिला कळीचा चुना. भट्टींतून निघालेल्या ताज्या चुन्याचे ५६ ग्रॅम १८ ग्रॅम पाणी घेतात, म्हणजे स्वतःच्या वजनाच्या जवळजवळ एक तृतीयांश. ओल घेतां घेतां चुना फुगतो, म्हणून मडकें अर्धेंच भरावें व तोंडास विरळ फडकें बांधावें. त्यावर पाणी सांडल्यास तो भयंकर तापतो, आणि डोळ्यांत गेल्यास दृष्टि जाण्याचा संभव असतो. लहान मुलांच्या घरांत तो न ठेवणेंच बरें.

दुसरा कॅल्शियम क्लोराइड. बाजारांत ओल शोषण्याच्या ज्या प्लास्टिकच्या डब्या मिळतात, त्यांतील पांढरे दाणे बहुधा याचेच असतात. हा क्षार स्वतःच्या वजनाहूनहि अधिक पाणी घेतो. मात्र घेतलेल्या पाण्यांत विरघळून त्याचा द्राव होतो. तो द्राव लोखंडास गंज चढवितो, चामडें बिघडवितो आणि कपड्यावर सांडल्यास सहज वाळत नाहीं. डबी सपाट जागीं, तळाशीं व कपड्यांपासून दूर ठेवावी; जरीच्या वस्त्रांवर टांगूं नये.

तिसरा सिलिका जेल. १९१९ सालीं अमेरिकेंतील जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठाचे वॉल्टर पॅट्रिक यांस याच्या कृतीचें पेटंट मिळालें. याच्या काचेसारख्या दाण्यांत अतिसूक्ष्म छिद्रें असून ओल त्यांच्या पृष्ठभागास चिकटून राहते. दाणा विरघळत नाहीं, आणि सुमारें १२० अंशांवर कांहीं तास तापविला, कीं पुन्हां कामास येतो. निळे दाणे ओल घेतल्यावर गुलाबी होतात. परंतु त्या रंगांतील कोबाल्टचा क्षार आरोग्यास अपायकारक असल्यामुळें नारिंगी दाणे बरे. लोणारी कोळशाचा खरा गुण दुर्गंधि कमी करण्याचा. ओल शोषण्यांत तो या तिघांच्या मागें पडतो.

आतां हिशेब पाहावा, कारण बहुतेकांची निराशा तेथेंच होते. एक घनमीटर कपाटांतील हवा ३० अंशांवर शेंकडा ८५ वरून ६० वर आणावयाची, तर तींतून अवघें साडेसात ग्रॅम पाणी काढावें लागतें. परंतु खरें पाणी हवेंत नसून कपड्यांत असतें. शेंकडा ६५ आर्द्रतेच्या हवेंतहि सुती कापड कोरड्या वजनाच्या सुमारें ८ टक्के पाणी धरून ठेवतें. दहा किलो कपड्यांत हें पाणी पाऊण किलोच्या आसपास भरतें, आणि झडीच्या दिवसांत त्यांत आणखी तीनेकशें ग्रॅमांची भर पडते. सिलिका जेल फार तर आपल्या वजनाच्या तृतीयांश ओल घेतें. म्हणजे ही भर काढावयास एक किलो जेल हवें! कॅमेऱ्याच्या पेटींत किंवा घट्ट झांकणाच्या डब्यांत जी लहानशी पुडी उत्तम काम देते, तीच कपड्यांच्या कपाटांत निरुपयोगी ठरते, तें यामुळेंच.

यावरून क्रम स्पष्ट होतो. प्रथम कपडे व कागद पूर्ण कोरडे करावे. कपाट भिंतीपासून चार बोटें दूर सरकवावें. दारांच्या फटी कापडी पट्टीनें बुजवाव्या. आणि मगच शोषक ठेवावा. दार वारंवार उघडल्यास बाहेरची दमट हवा आंत शिरून सारा खटाटोप वायां जातो. झडींत कपाट मिटलेलें असावें. कोरडी उघडीप मिळाली, कीं तें सताड उघडावें. शोषक आठवड्यास तपासावा. भरलेला शोषक नुसती जागा अडवितो.

पावसाळा सरल्यावर आश्विनांतील उन्हांत कपडे व पुस्तकें पसरण्याची जुनी रीत याच विचारानें पडलेली आहे. रेशमी वस्त्रांस मात्र सावलींतला वाराच द्यावा. सूर्य जें काम एका दिवसांत फुकट करतो, तें शोषकाच्या पुडीस महिन्यांतहि साधत नाहीं. सूर्यानें कोरडें केलेलें कोरडें राखणें, एवढेंच शोषकाचें काम. आणि तेवढेंच त्याच्याकडून मागितलें, तर तो तें इमानें करतो.