फेरफार रखडला तर काय करावे? अर्जापासून उच्च न्यायालयापर्यंत

खरेदीखत झाले किंवा वडिलांच्या पश्चात वारस नोंदीचा अर्ज दिला, पण सातबाऱ्यावर नाव चढत नाही. मग पीककर्ज, पीकविमा, शेतकरी ओळखपत्र सारेच अडते. अनेक शेतकरी तलाठी कार्यालयात (आता ग्राम महसूल अधिकारी) चकरा मारत राहतात. चकरांची नोंद कुठेच होत नाही. पोच असलेल्या अर्जाची होते, आणि पुढचे सर्व उपाय त्या पोचेवरच उभे राहतात.

आधी पाहा, अडले कुठे

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 च्या कलम 150 नुसार तलाठी फेरफार नोंद धरतो आणि संबंधितांना नोटीस देतो. हरकतीसाठी 15 दिवस असतात. हरकत नसल्यास मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो. हरकत आल्यास प्रकरण विवादग्रस्त नोंदवहीत जाते व सुनावणी होते. नोंद धरलीच नाही, नोटीस बजावली नाही, की सुनावणी रखडली, हे लेखी विचारा. उत्तर न मिळाल्यास माहिती अधिकारात अर्ज करा. त्याची मुदत 30 दिवसांची आहे.

निर्णय विरोधात गेला असेल तर

नोंद नामंजूर झाल्यास कलम 247 नुसार प्रांताधिकाऱ्यांकडे अपील करता येते. त्यासाठी 60 दिवसांची मुदत आहे, म्हणून आदेशाची प्रमाणित प्रत लगेच मागा.

निर्णयच होत नसेल तर

आदेशच नाही, तर अपील कशावर करणार? अशा वेळी प्रथम तहसीलदार व प्रांताधिकाऱ्यांना पोच घेऊन स्मरणपत्र द्या. सेवा अधिसूचित असेल, तर महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, 2015 चा मार्ग आहे. ठरलेली मुदत संपल्यावर 30 दिवसांत पहिले अपील करावे. त्यानंतर दुसरे, आणि शेवटी आयोगाकडे तिसरे अपील होते. कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला 500 ते 5,000 रुपये दंड होऊ शकतो. कोणत्या सेवेला किती दिवस, हे कार्यालयाच्या फलकावर पाहा. घरपट्टीचा नमुना 8 चा उतारा आणि थकबाकी नसल्याचा दाखला ग्रामपंचायत अडवत असेल, तरी हाच मार्ग वापरावा.

तरीही हालचाल नसेल, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूर येथे कामकाज चालते. मात्र येथे मागणी नेमकी असावी. ‘माझे नाव लावा’ यापेक्षा ‘माझ्या अर्जावर ठरावीक मुदतीत निर्णय द्या’ ही मागणी टिकण्याची शक्यता जास्त असते. अर्जाच्या आणि स्मरणपत्रांच्या पोचा नसतील, तर याचिका कमकुवत होते.

ताब्याचा प्रश्न वेगळा

फेरफार नोंद ही महसुलासाठी असते. तिने मालकी सिद्ध होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा स्पष्ट केले आहे. मालकीचा वाद दिवाणी न्यायालयात जातो. कुणी बेकायदा बेदखल केले असेल, तर विशिष्ट अनुतोष अधिनियम, 1963 च्या कलम 6 खाली सहा महिन्यांच्या आत दावा करावा लागतो. या कलमाखाली सरकारविरुद्ध दावा चालत नाही. ‘आधी फेरफार होऊ द्या, मग ताब्याचे बघू’ असे म्हणत बसलात, तर ही मुदत निघून जाते. दोन्ही कामे एकाच वेळी सुरू करा.

आजच करायचे काम

एका फाइलमध्ये दस्ताची प्रत, मृत्यू दाखला, अर्जाची पोच, नोटिसा आणि जुना-नवा सातबारा तारखेनुसार लावा. वकिलाचा खर्च झेपत नसेल, तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. महिला, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती आणि मर्यादित उत्पन्न असलेल्यांना तेथे मोफत विधी सहाय्य मिळते. विस्तार कार्यकर्त्यांनी गावभेटीत एवढे जरी विचारले, ‘पोच घेतली का?’, तरी अनेकांच्या मुदती वाचतील.