एकट्याचा वाद्यवृंद : रेमो फर्नांडिस यांचा पहिला अल्बम

लाखांदूर परिसरात दिवाळीनंतर मंडईचे दिवस सुरू झाले की रात्र-रात्र नाटके रंगतात. झाडीपट्टीच्या या रंगभूमीवर नाट्यपद, लावणी आणि सिनेमाच्या चालीचे गाणे एकाच रात्री ऐकू येते व त्याचे कोणालाही नवल वाटत नाही. तेव्हा गानप्रकारांचे मिश्रण म्हणजे काय, हे आम्ही आपल्या वाचकांना शिकवावे असे नाही. सांगावयाचे आहे ते निराळेच : एका गायक-गीतकाराने एकट्याने, घरी बसून, अख्खा अल्बम कसा सिद्ध केला.

हे गायक म्हणजे गोव्यातील शिवोली गावचे रेमो फर्नांडिस. त्यांचा जन्म १९५३ चा. मुंबईच्या सर ज. जी. महाविद्यालयात त्यांनी वास्तुशास्त्राचे शिक्षण घेतले. परंतु मन रमले ते गिटार आणि बासरीत. १९७० च्या दशकाच्या अखेरीस ते युरोप व उत्तर आफ्रिकेत भटकले आणि गावी परतले. १९८४ मध्ये त्यांचा 'गोवन क्रेझी' हा पहिला अल्बम आला.

त्यांच्या संगीतात पाश्चात्त्य रॉक, गोव्याची लोकगीते, पोर्तुगीज व लॅटिन ताल एकत्र नांदतात. हे मिश्रण केवळ प्रवासातून आलेले नव्हे. पोर्तुगीज काळात गोव्यातील चर्चला जोडलेल्या शाळांतून मुलांना स्वरलिपी व व्हायोलिन शिकविले जाई; त्याच परंपरेतून पुढे मुंबईच्या चित्रपटसृष्टीला अँथनी गोन्साल्विस, सेबॅस्टियन डिसोझा यांच्यासारखे वादक व संगीत संयोजक लाभले. मांडो या गीतप्रकारात व्हायोलिनशेजारी घुमट हे मातीचे वाद्य वाजते. शिवोलीत तर २४ जूनला संत योहानाच्या सणाला, म्हणजे सांजांवला, सजविलेल्या होड्या निघतात, आणि तेथील जागरात हिंदू व ख्रिस्ती दोघेही भाग घेतात. अशा गावात वाढलेल्या कानांना एकच एक शैली पुरणार कशी?

आता त्या ध्वनिमुद्रणाविषयी. नेहमीच्या कॅसेटच्या एका बाजूस दोन ध्वनिपट्ट्या असतात. १९७९ मध्ये बाजारात आलेल्या 'पोर्टास्टुडिओ' या लहान यंत्राने फितीची पूर्ण रुंदी वापरून एकाच दिशेने चार पट्ट्या मिळवून दिल्या. पहिल्या पट्टीवर गिटार भरावयाची, ती ऐकत दुसरीवर ताल, तिसरीवर बासरी. जागा संपली की या तिन्ही चौथ्या पट्टीवर एकत्र उतरवावयाच्या. मग आधीच्या तीन पुन्हा मोकळ्या होतात. मात्र प्रत्येक वेळी फितीची खरखर वाढते, आणि एकदा एकत्र झालेले स्वर पुन्हा सुटे करता येत नाहीत. रेमो यांनी अशाच चार पट्ट्यांच्या यंत्रावर सर्व वाद्ये व सर्व आवाज स्वतः मुद्रित केले. (सहवादकांच्या परस्परांतील चढाओढीने जी रंगत येते, ती अशा रीतीत थोडी हरवते, असे आमचे मत आहे.)

एवढा खटाटोप कशासाठी? त्या काळी ध्वनिमुद्रिका कंपन्यांचा सारा भर हिंदी चित्रपटगीतांवर होता. गोव्याविषयी इंग्रजीत लिहिलेल्या स्वरचित गाण्यांवर पैसा लावणे त्यांना जोखमीचे वाटणारच. ती जोखीम रेमो यांनी स्वतः पत्करली. पुढे 'पॅक दॅट स्मॅक' हा मादक पदार्थांविरुद्धचा अल्बम आला, चित्रपटगीते आली, २००७ मध्ये पद्मश्रीही मिळाली. पहिल्या अल्बमच्या वेळी मात्र वेष्टनाचे चित्रही त्यांचेच होते, आणि कॅसेट दुकानोदुकानी पोहोचविणारी पिवळी स्कूटरही त्यांचीच.