गाडी सुटली म्हणजे प्रकरण मिटले का?

नळदुर्ग परिसरात मुरमाचा ट्रॅक्टर पकडला गेला की सल्ला ठरलेला असतो: तहसीलला जा, दंड भरा, गाडी सोडवा, विषय संपला. या सल्ल्यात तीन वेगळ्या गोष्टींची सरमिसळ आहे आणि तिचा फटका ट्रॅक्टरमालकाला बसतो. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 च्या कलम 48 मधले पोटकलम 7 मालाबद्दल आहे. विनापरवाना काढलेल्या गौण खनिजाच्या बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत दंड त्यात येतो. पोटकलम 8 वाहनाबद्दल आहे. चोरीचा फौजदारी गुन्हा या दोहोंपासून वेगळा आहे. पहिल्या दोन रकमा भरल्याने तिसरी बाब आपोआप मिटत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये जयंत विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या निकालात हेच सांगितले: खनिज कायद्याखालच्या गुन्ह्याची तडजोड झाली, तरी भारतीय दंड संहितेखालचा चोरीचा खटला चालू शकतो. आता हा गुन्हा भारतीय न्याय संहितेखाली नोंदवला जातो. पोलिसांनी गाडी मुद्देमाल म्हणून घेतली असेल, तर ताब्यासाठी न्यायालयात अर्ज करावा लागतो.

दुसरा घोळ अधिकाराचा. प्राधिकृत तहसीलदार गाडी जप्त करू शकतात, पण सोडण्याचा निर्णय जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेला, उपजिल्हाधिकाऱ्यापेक्षा कमी दर्जाचा नसलेला अधिकारी घेतो. जप्तीनंतर 48 तासांत गाडीचे प्रकरण त्यांच्यापुढे जायला हवे. नळदुर्ग तुळजापूर तालुक्यात आहे. महसुली कागद तुळजापूरला गेले तरी गाडीचा निर्णय त्याच्या वरच्या पायरीवर होतो. त्यामुळे मधल्या कोणी ‘साहेबांशी बोलून मिटवतो’ म्हणून हातात घेतलेल्या पैशाला कायद्यात जागाच नाही. जानेवारी 2018 च्या नियमदुरुस्तीत वाहनाचा दंड ठरवून दिला आहे: ट्रॅक्टर किंवा हाफ बॉडी ट्रकला 1 लाख, फुल बॉडी ट्रक किंवा डंपरला 2 लाख, एक्सकॅव्हेटरला साडेसात लाख रुपये. सोबत मालकाला बंधपत्र द्यावे लागते, की हे वाहन पुन्हा अशा कामाला वापरले जाणार नाही. ‘ड्रायव्हरने परस्पर भरले’ म्हणणाऱ्या मालकाने हे नीट वाचावे. सही त्याचीच असते.

यावर आक्षेप रास्त आहे: ट्रॉलीभर मुरमासाठी 1 लाख म्हणजे मालाच्या किमतीशी ताळमेळ नाही, आणि ज्याच्या ट्रॅक्टरवर बँकेचा हप्ता चालू आहे त्याचा हंगामच बुडतो. मलाही ही सरसकट रक्कम छोट्या शेतकऱ्यासाठी जाचक वाटते. पण 2021 पासून गौण खनिजाचे स्वामित्वधन ब्रासला 600 रुपये आहे. त्यापुढे लाखाचा धोका पत्करणे परवडणारे नाही, आणि दंड जाचक आहे म्हणून विनापावती वाहतूक वैध ठरत नाही. ‘शेत माझे, मुरूम माझा’ हेही अपुरे आहे, कारण याच कलम 48 नुसार खनिजांवर हक्क सरकारचा. माती त्याच जागेत वापरली तर गोष्ट वेगळी: 2014 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पायासाठी खणलेली माती त्याच भूखंडात भरणीला वापरण्याचा प्रश्न वेगळा मानला. ट्रॉली भरून रस्त्यावर आली की ही सवलत सांगता येत नाही. गाडी पकडल्यावर काढलेली पावतीही मागच्या फेरीला लागू होत नाही, कारण वाहतूक पास त्या खेपेचा, त्या वेळेचा असतो.

मग मालकाने करायचे काय? पंचनाम्याची प्रत घ्यावी आणि त्यात ब्रास, ठिकाण व वेळ कशी लिहिली आहे ते तपासावे. माप फुगले तर पाचपटीचा दंडही फुगतो. लेखी आदेश मागावा आणि रक्कम चलनानेच भरावी. आदेश मान्य नसेल तर जमीन महसूल अधिनियमाखाली अपील आहे. जिल्हाधिकाऱ्यांच्या हाताखालील अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध त्याची मुदत 60 दिवस. ‘मिटवून घेऊ’ म्हणत मध्यस्थाच्या दारात बसलेल्याचे हेच दिवस निघून जातात.